घर जाते, भाव काहून कमी लावला?

ऑरेंजकट्टा: हिंगण्याकडे आमचं घर रस्त्यात जाऊन राहिलं. मोजणीवाले आले, स्लॅब मोजला, पण मागची विहीर अन् चिंचेचं झाड कागदावर घेतलंच नाही, अन् भाव नुसता रेडी रेकनरचा (सरकारी दरपत्रकाचा) लावला, एवढ्यात नागपुरात प्लॉट तरी येते का बाप्पा? आई तर जेवतही नाही धड. काय करावं?

वर्धारोडवाला: भाऊ, आधी कोणत्या कायद्याखाली घेऊन राहिले ते पाहा. 2013 चा भूसंपादन कायदा असेल तर नुसता रेडी रेकनर चालत नाही. आजूबाजूच्या मागच्या 3 वर्षांतल्या खरेदीखतांमधले वरचे अर्धे व्यवहार धरून सरासरी काढतेत, दोन्हीतला जास्त असेल तो भाव. खेड्यात त्याला 1 ते 2 चा गुणक. त्यात घर, विहीर, झाडं मिळवायची, अन् त्या बेरजेवर 100 टक्के दिलासा रक्कम, म्हणजे तेवढेच पैसे आणखी. म्हणून विहीर सुटली की दुप्पट नुकसान होते, आजच फोटो काढून लेखी हरकत द्या, पोच घ्या.

शिवणगावकर: चेक घेताना 'हरकत राखून' लिहूनच सही करा, नाहीतर वाढीव मोबदला मागायचा हक्क जाते. निवाड्याच्या (मोबदला ठरवणाऱ्या आदेशाच्या) वेळी हजर असाल तर वाढीव मोबदल्यासाठी त्याच कायद्याच्या कलम 64 चा अर्ज 6 आठवड्यांत.

ऑरेंजकट्टा: हायवेसाठी आहे म्हणते तलाठी.

वर्धारोडवाला: मग नॅशनल हायवे असेल तर कलम 64 ऐवजी लवादाकडे (सरकारनं नेमलेल्या तंटा सोडवणाऱ्याकडे) जावं लागते, पण भाव याच हिशेबानं. आईले सांगा, घर ताब्यात घ्यायच्या आधी त्यांना मोबदल्याचे पैसे जमा करायलाच लागतेत.