मदत हवी आहे: अंतोनिओ मोरेनोचे सिनेमे कुठे बघायला मिळतील?
मंडळी, परवा 'क्रीचर फ्रॉम द ब्लॅक लगून' (१९५४) बघत होतो. सुरुवातीला खडकातून बाहेर आलेला तो पंजा ज्याला सापडतो, तो वयस्कर डॉक्टर कोण म्हणून शोधलं, तर निघाला अंतोनिओ मोरेनो! माद्रिदचा, जन्म १८८७ चा. १९२६ मध्ये 'द टेम्प्ट्रेस'मध्ये चक्क ग्रेटा गार्बोचा नायक, पुढच्याच वर्षी 'इट'मध्ये क्लारा बो ज्याच्यावर भाळते तो दुकानमालक. बोलपट आल्यावर मेक्सिकोत जाऊन 'सांता' (१९३२) दिग्दर्शित केला, नंतर हॉलिवूडमध्ये दुय्यम कामं.

'मारे नोस्त्रुम'ची (१९२६) बरी प्रिंट कुठे मिळेल? आणि 'सांता' इंग्रजी सबटायटल्ससह? माझं स्पॅनिश 'ओला'च्या पुढे गेलेलं नाही. आधी कुठला बघू, तेही सांगा.