अनुभव धागा: जुव्यावर परकं का वाटतं?

खाडीतल्या जुव्यांवर, म्हणजे बेटांवरच्या वाड्यांत बाहेरचा माणूस अवघडतो. नेमकं कशानं? स्वतःच्या कहाण्या नकोत, कामाचं लिहा.

होडीबद्दल
चपला हातात घ्या, पाय होडीच्या मधोमध टाका. काठावर भार दिलात की होडी कलते आणि सगळे तुमच्याकडे बघतात. उलांडीवर, म्हणजे होडीच्या बाजूला तोल सांभाळायला बांधलेल्या लाकडावर, तर पाय नकोच. ओहोटीत उतरताना दगड टाळा, कालवं चिकटलेली असतात, तळवा चिरतात. चिखल बरा. घोटाभर रुतेल, पण कापणार नाही.

वेळेबद्दल
‘इथे अडकलो’ ही भीती बहुतेक वेळा ओहोटीची असते. तिथीच्या आकड्याची पाऊणपट करा, ती भरतीची वेळ. चतुर्थीला 3 वाजता भरती, म्हणजे सकाळी 9 च्या सुमारास सुकती, म्हणजे पूर्ण ओहोटी. हा हिशोब मुंबईचा. मालवणकडे भरती सुमारे तासभर आधी लागते, मात्र खाडीत आत शिरायला तिला वेळ लागतो. म्हणून शेवटचा शब्द तरवाल्याचा, म्हणजे होडीतून पार नेणाऱ्याचा.

प्रश्नाबद्दल
मालवणकडचा खोतजुवा असो की पाणखोल जुवा, पहिला प्रश्न ठरलेला: ‘कोणागेर इलात?’ म्हणजे कोणाच्या घरी आलात? शहरी माणसाला ही चौकशी वाटते. ‘असंच फिरायला’ म्हटलंत की समोरचा गप्प होतो, कारण त्या उत्तराला घर नाही. घराचं नाव सांगा, नसेल तर काम सांगा. मग खळ्यात (अंगणात) थांबा, ‘बसा’ म्हणेपर्यंत लोट्यावर (ओसरीवर) चढू नका. मासळी निवडणाऱ्या बायकांचे न विचारता फोटो काढणं हा शुद्ध आगाऊपणा.

पाण्याबद्दल
आंघोळीला दोन बादल्या घेतल्यात की घरातली म्हातारी बघत राहते. तो कंजूसपणा नव्हे. बेटाच्या पोटात गोडं पाणी खाऱ्यावर तरंगतं. ढोबळ हिशोबाने गोड्याची पातळी 1 फूट कायमची उतरली की खालचं खारं 40 फूट वर सरकतं. एप्रिल-मेमध्ये भरभर उपसलेली बाव (विहीर) आधी मचूळ होते, मग चहा फाटतो. तांब्याने अंग ओलं करा, साबण लावा, एका बादलीत उरका. आणि बावीवर साबण नेऊ नका.

घारापुरीबद्दल थोडं
सोमवारी लेणी बंद. त्या दिवशी बेटावरच्या मोराबंदर गावात उतरलेला अनोळखी माणूस लगेच डोळ्यांत भरतो. पर्यटकाला तिथे रात्री राहता येत नाही, तेव्हा परतीच्या लाँचची वेळ उतरतानाच विचारून ठेवा.