आन व्हियाझेम्स्की : अभिनेत्रीच्या आठवणी की लेखिकेच्या कादंबऱ्या?

प्रश्न

फ्रेंच दिग्दर्शक रोबेर ब्रेसाँ यांचा 'ओ अझार बाल्ताझार' (१९६६) हा एका गाढवावरचा चित्रपट नुकताच पुन्हा पाहिला. रात्री मारी ही मुलगी घराबाहेर येते, त्या गाढवाच्या डोक्यावर फुले माळते आणि त्याच्या तोंडावर हलकेच ओठ टेकते. ते दृश्य अजून डोळ्यांसमोरून हलत नाही. मारीची भूमिका करणाऱ्या आन व्हियाझेम्स्की यांचा जन्म १९४७ मध्ये बर्लिनला झाला. चित्रीकरणाच्या वेळी त्या जेमतेम अठरा वर्षांच्या होत्या आणि अभिनयाचा त्यांना काहीही अनुभव नव्हता. पुढे त्यांनी दिग्दर्शक ज्याँ-लुक गोदार यांच्या 'ला शिनवाझ' (१९६७) आणि इटालियन दिग्दर्शक पाझोलिनी यांच्या 'तेओरेमा' (१९६८) या चित्रपटांतही काम केले. १९८८ पासून त्यांची पुस्तके येऊ लागली. त्यांपैकी 'जन फीय' (२००७) मध्ये 'बाल्ताझार'च्या चित्रीकरणाची हकीकत खऱ्या नावांनिशी आलेली असूनही त्या पुस्तकावर 'कादंबरी' असेच छापलेले आहे. मग वाचकाने ते आत्मकथन म्हणून वाचावे की कादंबरी म्हणून? आणि लेखिका म्हणून त्यांची ओळख स्वतंत्र आहे, की मोठ्या दिग्दर्शकांच्या सहवासावर उभी आहे?

प्रतिसाद १

तुमच्या दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर आधी देतो, कारण या लेखिकेवर तिथेच अन्याय होतो असे मला मनापासून वाटते. 'जन फीय' येण्याच्या कितीतरी आधी त्यांचे नाव झालेले होते. पहिला कथासंग्रह १९८८ चा. १९९३ मध्ये 'कानिन' या कादंबरीला शाळकरी विद्यार्थ्यांनी निवडलेला गोंकूर हा फ्रान्समधला साहित्य पुरस्कार मिळाला, आणि १९९८ मध्ये रशियन क्रांतीच्या वावटळीत सापडलेल्या एका उमराव घराण्याची कथा सांगणाऱ्या 'यून प्वान्ये द जाँ'ला फ्रेंच अकादमीचा कादंबरीसाठीचा मोठा पुरस्कार मिळाला. या पुस्तकाचा ब्रेसाँ किंवा गोदार यांच्याशी काहीही संबंध नाही. ते आले आहे त्यांच्या वडिलांच्या बाजूने, कारण वडील रशियातून परागंदा झालेल्या सरदार घराण्यातले होते.

आईच्या बाजूने त्या फ्राँस्वा मोरियाक यांच्या नात. मोरियाक यांना १९५२ चे साहित्याचे नोबेल मिळाले होते. वडील १९६२ मध्ये वारले, आणि फ्रान्समध्ये त्या काळी सज्ञान होण्याचे वय २१ होते, त्यामुळे चित्रपटात काम करायला या आजोबांचीच संमती घ्यावी लागली.

प्रतिसाद २

'कादंबरी' या शब्दाविषयी. मराठीत हंसा वाडकर आणि दुर्गा खोटे या अभिनेत्रींची पुस्तके उघडपणे आत्मकथने म्हणूनच आली, त्यामुळे आपल्याला असे लेबल खटकणे स्वाभाविक आहे. माझ्या मते त्यात लपवाछपवी नसून प्रामाणिकपणा आहे. चाळीस वर्षांपूर्वीचे संभाषण कोणालाही शब्दश: आठवत नाही, ते रचावे लागते, आणि ते रचलेले आहे हे मुखपृष्ठावरच सांगून टाकलेले बरे.

ब्रेसाँ आपल्या कलाकारांना नट न म्हणता 'मॉडेल' म्हणत. तेच वाक्य ते इतक्या वेळा बोलून घेत की आवाजातला सगळा अभिनय गळून पडावा. 'जन फीय'मधले निवेदन मला त्याच तालमीत तयार झालेले वाटते. चित्रीकरणाच्या काळात वयस्क दिग्दर्शक त्या मुलीला आपल्याच मुक्कामाच्या घरी ठेवतो, तिला सतत जवळ बाळगतो, जवळीक साधू पाहतो. ती त्याला दूर सारते, आणि तरीही त्याच्याकडून शिकत राहते. हे सारे लेखिकेने आवाज न चढवता, पण काहीही न झाकता लिहिले आहे. त्यात सूड नाही, आणि सारवासारवही नाही. इतका तोल मी फार थोड्या पुस्तकांत पाहिला आहे.

प्रतिसाद ३

वरील प्रतिसादाला एक जोड देते. 'ला शिनवाझ'मध्ये रेल्वेच्या डब्यात एक लांबलचक प्रसंग आहे. व्हियाझेम्स्की यांनी रंगवलेली विद्यार्थिनी विद्यापीठे बाँब टाकून बंद पाडण्याची भाषा करते, आणि समोर बसलेले फ्रान्सिस जाँसाँ तिला शांतपणे प्रश्न विचारत राहतात. जाँसाँ हे अल्जीरियाच्या स्वातंत्र्यलढ्याला फ्रान्समधून मदत करणारे तत्त्वचिंतक, आणि खऱ्या आयुष्यातही व्हियाझेम्स्की यांचे शिक्षक. जाँसाँ स्वत:च्या मनातले बोलत होते, तर व्हियाझेम्स्की यांच्या कानात यंत्र होते आणि त्यातून गोदार त्यांना उत्तरे सांगत होते. हे कळल्यावर तो प्रसंग पाहिला, की प्रश्न आणि उत्तर यांच्यामधली ती किंचित थांबण्याची जागा अस्वस्थ करते.

१९६७ मध्ये त्यांनी गोदार यांच्याशी लग्न केले. त्या काळावरची दोन पुस्तके, 'यून आने स्तुदिएझ' (२०१२) आणि फ्रान्समधल्या मे १९६८ च्या विद्यार्थी-कामगार उठावाच्या दिवसांवरचे 'अँ आन आप्रे' (२०१५), एकापाठोपाठ वाचावीत. पहिल्यात प्रेमाची उमेद आहे. दुसऱ्यात नवरा राजकारणात ओढला जात असताना घर कसे रिकामे होत जाते ते दिसते. या दुसऱ्या पुस्तकावरून मिशेल आझानाव्हिस्यूस यांनी २०१७ मध्ये चित्रपट केला, आणि त्याच वर्षीच्या ऑक्टोबरमध्ये व्हियाझेम्स्की यांचे निधन झाले.

मूळ प्रश्नकर्ता

तिघांचेही मन:पूर्वक आभार. सुरुवात 'जन फीय'ने करणार होतो, पण आता आधी रशियन घराण्याची ती कादंबरी मिळवतो. रेल्वेचा प्रसंग आज रात्रीच पुन्हा पाहीन, या वेळी फक्त त्यांच्या कानाकडे लक्ष ठेवून.