जर्मनीत कपड्यांशिवायची सॉना: पोट, व्रण आणि लाज, कसं जमवावं?

नवी_म्युनिककर:
इथल्या थेर्मेमध्ये (गरम पाण्याच्या सार्वजनिक स्नानगृहात) सॉनाच्या, म्हणजे घाम काढायच्या तापलेल्या खोल्यांच्या, भागात पोहण्याचा पोशाखसुद्धा चालत नाही, स्त्री-पुरुष एकत्र. सिझेरियनचा व्रण आहे, पोट सुटलंय. अशाने शरीराची लाज खरंच कमी होते का, की उगाच म्हणतात? आणि पहिल्यांदा जाताना नेमकं काय करायचं?

वाफाळलेला:
आधी सामान. दोन टॉवेल (एक किमान दीड मीटर लांब), बाथरोब, रबरी चपला. मंगळसूत्र, कानातलं, जोडवी सगळं लॉकरमध्ये. नव्वद अंशांत धातू तापून चटका बसतो. चष्म्यासाठी दाराबाहेर फळी असते. (चष्मा काढला की निम्मी लाज तशीच जाते म्हणा!) रोब सगळे पांढरेच, बदलाबदली ठरलेली, कॉलरला रंगीत दोरा बांधा.

अंघोळ करून अंग कोरडं पुसा. ओल्या अंगाला घाम उशिरा येतो. रोब बाहेर टांगायचा, लांब टॉवेल आत बसायच्या लाकडी फळीवर पसरायचा. पाऊलसुद्धा लाकडाला लागता कामा नये. नवखे नेमके इथेच बोलणी खातात. सुरुवात बायोसॉनात, म्हणजे ५०-६० अंशांच्या सौम्य सॉनात, खालच्या फळीवर, ८-१० मिनिटं. शेवटची दोन मिनिटं पाय खाली सोडून बसा, नाहीतर उठताना चक्कर येते. मग मोकळी हवा, गार पाणी पायांकडून वर, आणि पंधरा मिनिटं विश्रांती. गरोदरपणात किंवा रक्तदाबाच्या गोळ्या चालू असतील तर आधी डॉक्टरांना विचारा.

मनमोकळी:
लाजेबद्दल. लंडनच्या गोल्डस्मिथ्समधले मानसशास्त्रज्ञ कीऑन वेस्ट यांनी ५१ जणांच्या प्रयोगात काहींना इतरांसोबत विवस्त्र, काहींना कपड्यांत मिसळायला लावलं. विवस्त्र गटात स्वतःच्या शरीराबद्दलची आपुलकी जास्त वाढली, कारण ‘लोक मला काय समजतील’ ही धास्ती उतरली. प्रयोग छोटा आहे, पण कारण पटण्यासारखं आहे. आरशात आपण एकटेच असतो आणि तुलना जाहिरातींशी. सॉनात सत्तरीच्या आजी, गुडघ्यावर टाके असलेले काका, तुमच्यासारखाच व्रण असलेली एखादी, सगळे घामाघूम.

फसतं ते दोन ठिकाणी. एक, पहिल्या दोन मिनिटांत पळ काढला तर ‘सुटले बाई’ एवढंच मनात ठसतं. धास्ती आधी चढते, मग आपोआप उतरते. ती उतरेपर्यंत बसा. दुसरं, टॉवेल गच्च आवळून बसलात तर त्या टॉवेलमुळेच निभावलं असं वाटत राहतं. पहिल्या फेरीला गुंडाळा, दुसरीला मांडीवर, तिसरीला नुसता खाली. बऱ्याच ठिकाणी फक्त बायकांचा एक दिवस असतो, तिथून सुरू करा. ऑफिसच्या लोकांबरोबर पहिल्यांदा अजिबात नको!

मात्र खाणं तोडण्यापर्यंत किंवा आरसा टाळण्यापर्यंत त्रास असेल तर आधी समुपदेशक.

किनारी:
आणि हे बघून कोणी गोव्यात प्रयोग करू नये. सार्वजनिक ठिकाणच्या अश्लील कृत्याला भारतीय न्याय संहितेच्या कलम २९६ खाली तीन महिन्यांपर्यंत कैद आहे. जर्मनीच्या सिल्ट बेटावर किनाऱ्यावर विवस्त्र वावरणं १९२० पासून चालतं, कारण तिथे त्यासाठी किनारा राखलेला आहे.

नवी_म्युनिककर:
मंगळसूत्राचं डोक्यातच आलं नव्हतं. आणि कोणी टक लावून बघितलं तर?

वाफाळलेला:
तिथल्या कर्मचाऱ्याला सांगा, समज देतात. ऐकलं नाही तर बाहेर. फोन आत न्यायला बंदीच असते. तुम्हीही नजर खांद्याच्या वर ठेवा, आत जाताना ‘हालो’ म्हणा आणि गप्प बसा.