धागा: हिणवणारी नावं आणि त्यामागच्या गोष्टी

गोव्यात आंबा म्हटलं की मानकुराद. बाकीचे त्याच्यापुढे पाणी भरतात. आणि नाव आलंय पोर्तुगीज ‘मालकोरादा’वरून, म्हणजे धड रंग न धरलेला! अशी नावं जमवूया. माणूस, झाड, पाखरू, काहीही चालेल. फक्त नाव नाक मुरडायला लावणारं हवं आणि गोष्ट घरची किंवा पाहण्यातली हवी.

चंद्रपूरहून: आमचे आजोबा कवडू. आधीची भावंडं जगली नाहीत, म्हणून ह्यांना जन्मल्याबरोबर शेजारणीच्या ओटीत टाकलं आणि एक कवडी देऊन परत घेतलं. कवडीमोलाचं पोर यम कशाला नेईल? नव्वदी पार करून गेले. सात-बारावर अजून कवडूच आहेत, पण घरच्या लग्नपत्रिकेत ‘कै. के. आर.’ छापतात. मला नाही पटत. ज्या नावाने जगवलं, त्याचीच लाज?

जुन्नरहून: कवडूसारखेच आमच्याकडे दगडू, धोंडू, केरू. केरू म्हणजे केरावर ठेवून उचललेला. हसणाऱ्यांनी लक्षात ठेवा, भारतरत्न महर्षी कर्वेही धोंडोच होते.

पण मला सांगायचंय ते झाडाचं. शिवनेरीच्या कड्याला एक मांसल देठांची वनस्पती चिकटून असते. पावसाळा सरता सरता तिला लालजांभळ्या चांदण्या लागतात. जुनी माणसं तिला शिंदळ माकुडी म्हणत. 1865 साली डाल्झेल या वनस्पतीतज्ज्ञाने तिचं वर्णन केलं आणि मुंबईचे गव्हर्नर सर बार्टल फ्रिअर यांच्यावरून नाव दिलं, फ्रेरिया इंडिका. अलीकडे ती शिवसुमन झाली आहे. बाईला द्यायची शिवी फुलाला नको, हे समजू शकतो. पण आमच्या आजीला हे नवं नाव सांगितलं तर म्हणाली, “सुमन? कुणाची सून?”

सातारा जिल्ह्यातून (निवृत्त शिक्षिका): वर्गात एक मुलगी होती, नकुशी. मुलगा हवा असताना तिसरी मुलगी झाली म्हणून. हजेरी घेताना माझा आवाज आपोआप खाली यायचा. ती मात्र ठणठणीत ‘हजर’ म्हणायची. ऑक्टोबर 2011 मध्ये आमच्या जिल्ह्यात अशा पावणेतीनशेहून जास्त मुलींना समारंभाने नवी नावं मिळाली. चांगलंच झालं. पण वरच्या कवडूआजोबांशी हिची तुलना करू नका. तिथे पोर राहावं म्हणून वाईट नाव ठेवलं, इथे पोर खरंच नको होतं.

चंद्रपूरहून: बाई, मान्य.

रत्नागिरीहून: आमच्या बांधावरची उंदीरमारी. गुलाबी फुलांनी लगडली की तिला गिरिपुष्प म्हणणारे भेटतात. गंमत म्हणजे शास्त्रीय नाव ग्लिरिसिडिया, त्याचाही अर्थ उंदीरमारीच! मध्य अमेरिकेत तिची साल-बिया उंदरांच्या विषाला वापरत. आम्ही पाला भातखाचरात खत म्हणून टाकतो. उंदीर काही मेलेला पाहिला नाही.

पुण्याहून: घाणेरी राहिलीच की! शाळेच्या वाटेवर तिची पिकलेली काळी फळं खायचो. घरी मात्र तिचं दुसरं नाव, टणटणी, सांगायचं. “घाणेरी खाल्ली” म्हटलं की पाठीत धपाटा.