बर्फाखाली पेंग्विनला मासा सापडतो कसा?

शंकासुर: एम्परर पेंग्विन बर्फातल्या भेगेतून खाली जातात. वर बर्फाचं छत, खाली काळोख. डॉल्फिनसारखे आवाज सोडून प्रतिध्वनीवरून शिकार करतात का? आणि दात नसताना बुळबुळीत मासा चोचीत राहतो कसा?

दर्यासारंग: प्रतिध्वनी वगैरे काही नाही, सगळं काम डोळ्यांचं. अंटार्क्टिकाच्या मॅकमर्डो साउंड या खाडीत त्यांच्या पाठीवर कॅमेरे बसवून पाहिलंय. पक्षी 50 मीटरच्या आतच बुडी मारतो आणि वर बघतो. बर्फाचा तळ उन्हाने उजळलेला असतो, त्याला लगटून फिरणारे छोटे मासे खालून काळे दिसतात. मग सरळ वर मुसंडी, मासा टिपायचा, परत खाली. किंग पेंग्विनही दिवसा 100 ते 300 मीटर खोल जाऊन कंदीलमासे (अंगातून उजेड देणारे छोटे मासे) धरतो. रात्री हे मासे आपणहून वर येतात, तरी त्याची खरी कमाई दिवसाचीच!

सुकटप्रेमी: क्रिलची, म्हणजे कोळंबीसारख्या छोट्या जिवांची, तऱ्हा निराळी. जपानी संशोधकांनी अ‍ॅडेली पेंग्विनवर कॅमेरा लावला, शिवाय डोक्यावर एक आणि पाठीवर एक असे त्वरणमापक, म्हणजे हालचालीचे झटके मोजणारी यंत्रं (निष्कर्ष 2013 चे). नुसता पाठीवरचा मापक पुरत नाही, कारण चोच मारताना अंग फारसं हलत नाही, मानेला हिसका बसतो. डोकं हललं आणि पाठ स्थिर, की एक घास धरायचा. एका पक्ष्याने दीड तासात 244 क्रिल खाल्ले. थवा दाट असला तर सेकंदाला दोन!

मिठागर: दातांचं काम जीभ आणि टाळू करतात. दोन्हींवर घशाकडे वळलेले राठ काटे असतात, त्यामुळे मासा आतच सरकतो, मागे फिरत नाही. बहुतेक घास पाण्यातच गिळले जातात. सोबत पोटात गेलेलं मीठ डोळ्यांवरच्या ग्रंथी गाळतात, तो खारट द्रव चोचीवरून ठिबकतो.

शंकासुर: पण एवढ्या समुद्रात थवा कुठे आहे हे कळतं कसं? आणि दम किती टिकतो?

दर्यासारंग: निदान आफ्रिकन पेंग्विनला वासावरून कळतं. प्लवक (पाण्यात तरंगणारे सूक्ष्म जीव) खाल्लं जात असताना डायमिथिल सल्फाइड हा वासाचा वायू हवेत सुटतो, तो त्यांना ओळखू येतो. वास पाण्याबाहेर, नजर पाण्याखाली.

दमाचं म्हणाल तर एम्पररला साधारण साडेपाच मिनिटांपर्यंत त्रास नाही. त्यापुढे रक्तात लॅक्टिक आम्ल साठू लागतं. 27 मिनिटांहून लांब बुडी मारून आलेला एक पक्षी सहा मिनिटं उभाच राहिला नाही, आणखी वीस मिनिटांनी चालू लागला, आणि पुढची बुडी आठ तासांनंतर.