स्पुरियस कॅसिअसबद्दल थोडं अजून
प्राचीन रोमचा नेता स्पुरियस कॅसिअस याला राजा व्हायचं होतं म्हणून रोमने त्याला संपवलं, असं म्हणतात, पण त्याआधीचं त्याचं काम बघा ना. इ.स.पू. 502, 493 आणि 486, असा तीनदा कॉन्सल (रोमच्या दोन सर्वोच्च अधिकाऱ्यांपैकी एक, मुदत एक वर्ष) झाला माणूस. 493 मध्ये रोमच्या शेजारच्या लॅटिन शहरांशी तह केला, युद्धात एकमेकांना मदत करायची आणि लूट निम्मी-निम्मी, आणि तो तह ब्राँझच्या खांबावर कोरून फोरममध्ये, म्हणजे रोमच्या मुख्य चौकात, लावला होता, पार सिसेरो या वक्त्याच्या (इ.स.पू. पहिलं शतक) काळापर्यंत लोकांना तो खांब माहीत होता, म्हणजे चारशे वर्षं!

486 ला जमीनवाटपाचा कायदा मांडला आणि तिथेच माशी शिंकली. सरकारी जमीन बड्या घराण्यांनी दाबून ठेवलेली, ते कशाला सोडतील? सोबतचा कॉन्सल व्हर्जिनिअसच विरोधात गेला, वर लॅटिनांनाही वाटा मिळणार म्हटल्यावर ज्यांच्यासाठी कायदा आणला ते प्लेबियन, म्हणजे सामान्य नागरिकपण बिथरले. टर्म संपल्या संपल्या खटला, मृत्युदंड, घर जमीनदोस्त. दुसऱ्या कथेत तर बापानेच मारलंय त्याला.

मला तो राजेपणाचा आरोप पटत नाही. रोमन इतिहासकार लिव्हीने हे लिहिलं साडेचारशे वर्षांनी, आणि मधे जमीनवाटप करायला निघालेल्या ग्रॅकस बंधूंचं (इ.स.पू. दुसरं शतक) जमिनीवरूनच एवढं मोठं प्रकरण होऊन गेलेलं, त्याचा रंग या गोष्टीला लागलाच असणार.